अंतरमाळची ओवाळ

चिक्कडपल्ली, हैदराबाद
१० सप्टेंबर १९९८

प्रिय शिवराज,

यातला 'प्रिय' मी सांगितलेला नाही. तो तुझ्या आईनं आपल्या मनानं घातला. पत्राची सुरुवात अशीच करायची असते म्हणाली, जामबागेतल्या शाळेत चौथीच्या पोरांना ती असंच शिकवते म्हणे. असू दे. मी आपली 'शिवराज, कान देऊन ऐक' इथूनच सुरू करणार होते. तुझं हिमायतनगर आपल्या घरापासून पायी पंधरा मिनिटांवर, माझ्या गुडघ्यांनी अर्ध्या तासावर. मधे नारायणगुड्याचा चौक लागतो, तेवढाच काय तो परदेश. तरीही मी पत्र पाठवते आहे, कारण मी तुझ्याशी बोलत नाही. रविवारपासून बोलत नाही. तुला ते अजून कळलेलं नसणार, म्हणून कळवते. फोनवर तू 'हौ आज्जी, हौ आज्जी' म्हणतोस आणि तिकडे तुझी बोटं त्या यंत्रावर टकटकत असतात, मला ऐकू येतं. कागदाला नुसतं हौ म्हणून ठेवून देता येत नाही. तुला मराठी वाचायला वेळ लागतो हे मला माहीत आहे. लागू दे. ओळीखाली बोट ठेवून वाच, जोडाक्षर अडलं तर थांब, पण हे पत्र तुमच्या ऑफिसातल्या त्या वैशालीकडून वाचून घेऊ नकोस. हे घरातलं आहे.

मुद्दा आधीच सांगून टाकते, कारण शेवटापर्यंत थांबायची तुला सवय नाही आणि त्याचेच भोग आपण भोगतो आहोत. तुझी ती खेळाची सीडी दसऱ्याला दुकानांत जायची आहे. त्याआधी तिच्यातली दाराआडची बाई तू बदलायची. ती आहे तशी बाजारात गेली, तर दसऱ्याला मी तुझ्या हातचं सोनं घेणार नाही आणि तू वाकलास तर पाय मागे ओढून घेईन. तुमच्या त्या समारंभात मला पहिल्या रांगेत बसवून 'जिनं गोष्ट सांगितली ती आजी' म्हणून हार घालायचं ठरवलंय ना? तो हार तुमच्या यंत्राला घाला. मी येत नाही.

रविवारी तू आम्हा दोघींना ऑटोनं नेलंस. काचेच्या दाराबाहेर चपला काढायला लावल्यास, मला वाटलं आत देवघर आहे. आत यंत्रं. त्यांना धूळ चालत नाही, उकाडा चालत नाही, म्हणून ऐन भादव्यात तिथं माघासारखी थंडी करून ठेवलेली. तुझ्या आजीनं चाळीस उन्हाळे स्वयंपाकघरात काढले, तिला कुणी एवढं गार ठेवलं नाही, हे मनात आलं पण बोलले नाही. बघ, मी किती गोष्टी बोलत नाही. तुझा तो पुण्याचा विवेक वाकून पाया पडला. वैशालीनं चाकाची खुर्ची दिली. मी बसले तर ती खुर्ची मला घेऊन भिंतीपर्यंत गेली. सगळे हसले, मीही हसले. तोवर सगळं ठीक होतं.

मग तू बटण दाबलंस आणि माझं अंतरमाळ त्या काचेत उगवलं. खोटं कशाला बोलू, अंगावर काटा आला. ज्या मुलखाला सूर्य नाही, चंद्र नाही, जो मी आपल्या गच्चीवर बसून नुसत्या तोंडानं उभा केला, तो कधी डोळ्यांना दिसेल असं वाटलं नव्हतं. काळ्या ज्वारीची शेतं होती. बैलांची शिंगं निखाऱ्यासारखी मंद तांबूस होती, औत हाकणाऱ्याला नांगराचं तास दिसावं म्हणून. तेही तुला आठवलं. बायकांच्या पदराच्या काठाला काजवे शिवलेले होते. वैशालीनं विचारलं, आजी, शिवताना ते मरत नाहीत का? मी म्हटलं, तिथल्या काजव्यांना सुईच्या गुदगुल्या होतात. आणि मग आभाळाची कड हळदीच्या रंगाची झाली. डोंगरामागून बिनधुराची एक ज्योत वर आली, गावाएवढी, आणि डावीकडून उजवीकडे सावकाश फिरायला लागली. ओवाळ. वर्षातून एकदा आभाळ खालच्या सगळ्या मुलखाला ओवाळतं, ती ओवाळ. तिची तिथी नाही, ती कुणी बोलावून येत नाही. तीन फेरे घेते. ज्याच्यावरून ती जाते त्याच्या कपाळाला कुणी बोट टेकवल्यासारखी ऊब लागते आणि त्या उबेवर त्या माणसाला वर्षभर दिसतं. ज्याला ती लागली नाही, त्याला वर्षभर काळोख. तू ती ज्योत इतकी सुरेख काढलीस की मी नकळत पदर डोक्यावर घेतला. तेवढ्यात विवेक म्हणाला, आजी, आता खरी गंमत बघा.

गंमत अशी की एक पोरगा आला उड्या मारत. अंगात लोखंडी सदरा, दंड माझ्या मांडीएवढे. त्यानं दगडांखालून सात मणी शोधले आणि आभाळातली माझी ओवाळ सरळ त्याच्या डोक्यावर येऊन पडली. त्याच्या एकट्याच्या. बाकी गाव काळोखात होतं तसं उभं. शेतकरी, बैल, डोक्यावर पाटी घेतलेली म्हातारी, कुणालाच काही नाही. मी विचारलं, यांचं काय? विवेक म्हणाला, आजी, सगळ्यांनाच मिळालं तर मग जिंकायचं काय? आणि ओवाळीला तुम्ही नाव दिलंत स्कायफ्लेम! अरे, पाटावर बसलेल्या पोरानं ओवाळून घेण्यासाठी आधी काय जिंकलेलं असतं? नुसतं बसायचं असतं त्यानं. पण मला हे नवं वारं कळतं. तुमच्या ऑफिसच्या वाटेवर कोचिंगवाल्यांच्या भिंती आहेत, तिथं पहिल्या आलेल्या पोराचा फोटो खोलीएवढा रंगवलेला असतो आणि बाकीची पोरं त्याच भिंतीखालून मान खाली घालून क्लासला जातात. टीव्हीवर चाळीस चॅनल झाले, कोपऱ्यावरच्या दुकानात सतरा तऱ्हेचे साबण आले, प्रत्येक जण म्हणतो मीच पहिला. तेव्हा एकट्याच्या डोक्यावर पडलेला उजेड मी एक वेळ गिळला असता. मुलं आहेत, खेळ आहे, म्हटलं असतं.

पण मग ती आली. एक घर, किलकिलं दार आणि दाराआड उभी एक बाई. फिक्या लुगड्यातली, कपाळ मोकळं, हात मोकळे. तुमचा तो पोरगा तिच्या जवळून गेला की वरची ज्योत बारीक होते, भोंगा वाजतो आणि त्याचा एक जीव जातो. तीन वेळा असं झालं की खेळ खलास. तुमच्यातला एक जण खेळत होता, बाकीचे मागून ओरडत होते, पळ, पळ, त्या बाईच्या सावलीत जाऊ नको! विवेक म्हणाला, या बाईमुळेच तर सगळी मजा आहे आजी. आणि तू, माझा शहाणा नातू, छाती पुढे काढून म्हणालास, ही कल्पना माझी नाही, आमच्या आज्जीची आहे. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. आयुष्यात पहिल्यांदा माझ्यासाठी टाळ्या वाजल्या आणि त्या कशासाठी, तर याच्यासाठी! मी मागे वळून बघितलं. तुझी आई चहाचा पेला धरून उभी होती. फिकी साडी, मोकळं कपाळ. तू तिच्याकडे बघितलंस का? तुझे डोळे काचेत. ती म्हणाली, छान झालंय हं शिवा. घरी आल्यावर तिनं स्वयंपाकघरातले सगळे डबे खाली काढले आणि स्वच्छ डबे पुन्हा घासले.

इथं ती लिहायची थांबून म्हणते आहे की डबे खरंच तेलकट झाले होते. हौ, लिही, तेही लिही. डबे तेलकट होते. सगळं लिही.

आता तू म्हणशील, आज्जी, दाराआडची बाई तुझ्याच गोष्टीत होती. होती. मी कधी नाही म्हटलं? अंतरमाळच्या एका गावात एक बाई होती, जिच्या घरातला दिवा अवेळी विझला. म्हणून गावानं ठरवलं की ओवाळ यायच्या वेळी हिनं दाराआड राहायचं. हिचं तोंड दिसलं तर ओवाळ मागे फिरेल आणि सगळ्यांनाच अंधार होईल. हे गाव म्हणतं, शिवराज. गोष्टीतलं गाव. तू गावाचं बोलणं उचललंस आणि आभाळाला तसं वागायला लावलंस. गोष्टीत माणसं वाट्टेल ते बोलतात. त्यातलं खरं काय नि खोटं काय हे कळायला शेवटापर्यंत जागं राहावं लागतं, आणि तू एकदाही, अरे एकदाही शेवटापर्यंत जागा राहिला नाहीस.

तुला आठवतं का, तू लहान असताना आपल्या गल्लीतली लाईट रोज संध्याकाळी सातला जायची. समोरची पद्मावती तिच्या गच्चीवरून 'करंटु पोयिंदी' म्हणून ओरडायची, जसं काही आम्हाला दिसतच नव्हतं. अजूनही ओरडते, लाईट आता क्वचित जाते तरी. परवा तिच्या घरी फोन बंद पडला तर तेही गच्चीवरूनच सांगितलं. तर आपण सतरंजी घेऊन वर जायचो. आजोबा बंडी काढून वर्तमानपत्रानं वारा घेत बसायचे. तू माझ्या मांडीवर डोकं टाकून म्हणायचास, अंतरमाळ सांग. मी सुरू करायचे. काळी ज्वारी झाली, बैल झाले, काजवे झाले, दाराआडची बाई झाली, आणि ओवाळीचा पहिला फेरा पुरा व्हायच्या आत तू गाढ. दुसऱ्या फेऱ्याला माझ्या लुगड्यावर तुझी लाळ. ऐकणारा झोपला की गोष्ट थांबवायची असते. मी थांबवत नव्हते. रोज शेवटापर्यंत सांगत होते आणि आवाज जरा चढवूनच सांगत होते. का, ते पुढे येईल. आधी तो शेवट ऐक, अठरा वर्षं उशिरा का होईना.

ओवाळीनं दोन फेरे घेतले. तिसरा घेताना ती त्या गावावर आली आणि थांबली. ज्योत आभाळात तशीच अधांतरी. पुढे जाईना, मागे फिरेना. लोकांनी ढोल बडवले, बैलांची शिंगं घासून चकचकीत केली, नाकं घासली. कुणी म्हणालं नैवेद्यात मीठ कमी होतं, कुणी म्हणालं वाराच पडलाय. पेरलेली ज्वारी काढणीला आली तरी ज्योत जागची हलली नाही. पलीकडची गावं काळोखात खोळंबली, त्यांचे निरोपावर निरोप यायला लागले की तुमच्याकडे अडकलंय काय? अडकलं होतं ते एका दारासमोर. त्या दाराला बाहेरून कडी होती. कडी घालणारी होती त्याच घरातली म्हातारी, त्या बाईची सासू. गावानं सांगितलं म्हणून घातली असं ती सगळ्यांना सांगायची. पण गाव काही कडी घालायला आलं नव्हतं, हात तिचाच होता. शेवटी ती म्हातारी उठली आणि त्याच हातानं तिनं कडी काढली. बाई उंबऱ्यात आली. ओवाळ खाली उतरली, इतकी खाली की उंबऱ्यावर उजेड सांडला, आणि साऱ्या मुलखात सगळ्यात जास्त वेळ ती त्या एकीच्या कपाळाशी थांबली. मग तिसरा फेरा पुरा झाला आणि सगळ्यांना दिसायला लागलं. अशी ती गोष्ट आहे. त्या बाईला बघून ओवाळ मागे फिरत नाही, तिला सोडून पुढे जात नाही. आणि तुम्ही भोंगा वाजवता!

तेव्हा बदल. यंत्रात ते कसं करायचं हे मला विचारू नकोस, तू शिकलास त्यासाठी. खेळाला कुणीतरी वाईट लागतंच, असं विवेकचं म्हणणं आहे ना? मग त्या म्हातारीला घ्या. माझंच तोंड काढ. आजोबांच्या साठीचा फोटो तुझ्याकडे आहे, त्यात मी नथ घालून पुरेशी वाईट दिसते. पोरगा माझ्याजवळ आला की वाजव हवा तेवढा भोंगा. मी कडी घालत राहते, त्यानं ती काढायची, बाई बाहेर आली की उजेड, आणि तोही सगळ्यांवर. सात मणी खिशात राहू देत त्याच्या, गोट्या म्हणून खेळेल. असला खेळ कुणाला आवडणार नाही असं विवेक म्हणाला, तर त्याला माझ्याकडे पाठव. मी त्याला इथली मिरची भजी खाऊ घालते. पुण्याचा आहे, एका घासात त्याला सगळं पटेल.

तुझी आई हात झटकते आहे, बोटं दुखायला लागली म्हणते. दिवसाला चाळीस पोरांच्या वह्या तपासते, तेव्हा दुखत नाहीत. आता पुढं काय येणार हे तिला कळलंय, म्हणून दुखतात.

मी शेवट कुणासाठी सांगत होते ते सांगते. जिन्याच्या वरच्या पायरीवर तुझी आई बसलेली असायची. मांडीवर सूप, सुपात तांदूळ. मिट्ट काळोखात तांदूळ निवडायची. काय दिसत होते तिला, खडे? ती ऐकत होती, हे मला माहीत होतं. मी तिच्यासाठी सांगत होते, हे तिला माहीत होतं. लाईट आली की ती सूप उचलून खाली जायची आणि मी तुला उचलून तिच्यामागून जायचे. याबद्दल आम्ही दोघींनी आजपर्यंत एक अक्षर काढलेलं नाही.

ही गोष्ट मी पहिल्यांदा सांगितली ती तुझ्या सहाव्या वाढदिवसाच्या दुसऱ्या दिवशी. तुझे वडील जाऊन तेव्हा सात महिने झाले होते. माझा दिलीप बत्तीस वर्षांचा होता, कावीळ झाली आणि नऊ दिवसांत गेला. वाढदिवस करू नये असं मला वाटत होतं, आजोबा म्हणाले पोराचा काय दोष. गल्लीतल्या चार बायका आल्या, पद्मावती आली. तुला पाटावर बसवलं, जरीची टोपी घातली. आणि तुझी आई स्वयंपाकघरातून तबक घेऊन आली. निरांजन लावलेलं, सुपारी, अंगठी, अक्षता, सगळं जागच्या जागी. दर वर्षी तीच तुला ओवाळायची. पाय आपसूक चालत आले असतील, किंवा तिला वाटलं असेल की आईनं आपल्या पोराला ओवाळायला कोण अडवतंय. मी अडवलं. चार बायकांसमोर मी तिच्या हातातलं तबक काढून घेतलं आणि म्हटलं, आत जा, वरण लागतंय बघ. ती आत गेली. मी तुला ओवाळलं, मग त्या बायकांनी ओवाळलं. तू विचारलंस, आई कुठंय? मी म्हटलं, वरण ढवळते आहे. सगळ्या गेल्यावर मी आत गेले. वरण केव्हाच उतरवून झाकून ठेवलेलं होतं. स्टोव्ह बंद होता. त्या बंद स्टोव्हपुढे पंचवीस वर्षांची ती पोर हातात पळी धरून उभी होती, कारण सासूनं तिला तिथं पाठवलं होतं.

मला हे कुणी करायला सांगितलं नव्हतं. आजोबांनी माझ्याकडे नुसतं बघितलं होतं. पद्मावती जाता जाता म्हणाली होती, अम्मा, पिल्लाची आईच होती ना ती? मी तिलाच झापलं, आमच्यात असं चालत नाही म्हणून. आमच्यात म्हणजे कुणात रे? त्या खोलीत 'आमच्यातली' मी एकटीच होते. तुझे पुढचे सगळे वाढदिवस मीच ओवाळले आणि ती दर वेळी आपणहून आत जात राहिली, मला सांगायची वेळच तिनं पुन्हा येऊ दिली नाही. मग आजोबा गेले. पद्मावतीच्या नातीच्या बारशाला मी सवयीनं पाळण्याजवळ पुढे झाले, तर एक बाई किती गोड आवाजात म्हणाली, चतुराबाई, तुम्ही तिकडे बसा, पंख्याखाली. मी पंख्याखाली बसले. पंखा छान होता. केलं ते चुकलं हे मला तबक घेतलं तेव्हापासून कळत होतं, अंगाला लागलं ते त्या पंख्याखाली. आणि तरी घरी येऊन मी तुझ्या आईला काय म्हटलं? बारसं छान झालं, म्हटलं. रविवारी तुमच्या त्या थंड खोलीत मला जो संताप आला, तो चार दिवस मी सगळा तुझ्या नावावर ठेवला. तुझ्यावर आहेच, सुटलास असं समजू नकोस. पण तू निदान झोपला होतास. गोष्टीतल्या म्हातारीनं कडी काढली. जागेपणी मी काय केलं, तर गोष्ट सांगितली.

आता हे पत्र कशाला, ते ऐक. मी बोलायला लागले की ती उठते. 'भाग्या, त्या दिवशी' एवढं म्हटलं की हिला उतू जाणारं दूध आठवतं, दोरीवरचे कपडे आठवतात, आणि ती आत जाते. मीच तर तिला आत जायला शिकवलं. तिनं मला दोनदा अक्षरं शिकवायला घेतली, मी सुनेपुढे पाटी धरून बसायला तयार झाले नाही. आज ते बरंच झालं. पेन तिच्या हातात आहे, कागद तिच्या मांडीवर आहे, वाक्य अर्धं आहे, आणि अर्धं वाक्य सोडून उठणारी मास्तरीण ती नाही. तर भाग्यलक्ष्मी, हे पत्र तुला आहे. तबक तुझं होतं, ते मी हिसकावलं. रीत होती म्हणून मी तसं केलं नाही. माझा मुलगा गेला होता आणि तू समोर जिवंत उभी होतीस, निरांजनाच्या उजेडात इतकी चांगली दिसत होतीस, ते मला सोसलं नाही. हे मी तुझ्या सासऱ्यांनाही कधी सांगितलं नाही. चुकलं माझं. थांबू नकोस, लिही, चुकलं माझं. शिवराज, हे पत्र मी घडी घालून तुझ्या आईच्याच हातात देणार आहे. पोस्टात टाकायचं, फाडायचं, की डब्याखाली कागद म्हणून घालायचं, हे तिनं ठरवायचं, मी विचारणार नाही. तेव्हा तुझ्या हाती हे पडलंच, तर ते तिनं टाकलंय असं समज, आणि यंत्रं आहेत तशी सोडून आधी तिच्याकडे ये. माझ्याकडे नंतर.

तुझीच, आणि तिनं राहू दिलं तर तिचीही,
आज्जी